आठ तास शिजवूनही चोथाच का?

मागच्या अंकात मी सहज एक ओळ लिहून गेले, की संध्याकाळी दमून घरी आल्यावर आयतं जेवण हवं असेल तर सकाळी स्लो कुकरमध्ये, म्हणजे मंद आचेवर तासन्‌तास शिजवत राहणाऱ्या विजेच्या भांड्यात, पोर्क लावून निघा, इतकं सोपं दुसरं काही नाही. झालं! पत्रांचा ढीग. आणि त्यातली निम्मी रागाची, "तुम्ही सोपं म्हणालात आणि आमचं वाटोळं झालं" अशा सुरातली. सगळी वाचून काढली. बहुतेकांचं बिनसलंय ते एकाच ठिकाणी, आणि तेही कुकरचं बटण दाबायच्या आधीच, मांस निवडताना. म्हणून तो प्रश्न सगळ्यात आधी घेते, त्यालाच जास्त जागा देते, बाकीचे मग जमतील तसे.

प्रश्न : कमी चरबीचं बरं म्हणून मुद्दाम पाठीचा, लॉइनचा छान एकसारखा तुकडा आणला. बुडेल एवढं पाणी घातलं, लो वर, म्हणजे कुकरच्या मंद खुणेवर, आठ तास ठेवला. बाहेर आला तो कोरडा ठाक, दाताखाली नुसता चोथा. पाण्यात बुडालेलं मांस कोरडं होतंच कसं?

उत्तर : ताई, तुमचं पत्र वाचून मला माझाच पहिला प्रयत्न आठवला. मीही असाच देखणा, गुलाबी, चरबीचा ठिपका नसलेला तुकडा आणला होता, वर स्वतःवर खूश, की बघा किती शहाणी मी. संध्याकाळी तो सुरीने कापला तर भुसा पडावा तशी पावडर पडली ताटात. घरच्यांनी काही न बोलता खाल्लं, ते जास्त लागलं.

तर हे बघा, मांस म्हणजे स्पंज नाही. भांड्यात कितीही पाणी असलं तरी ते शिजताना आत शिरून बसत नाही. उलट गरम व्हायला लागलं की मांसाचे तंतू आवळत जातात आणि आतलं पाणी बाहेर टाकतात, ओलं फडकं पिळावं तसं. साधारण 60 डिग्री सेल्सियसच्या पुढे हे पिळणं जोरात सुरू होतं आणि आठ तासांनी तुमचा तुकडा 90 च्या वर गेलेला असतो, म्हणजे तो रश्श्यात पोहत असला तरी आतून पार पिळून निघालेला असतो.

मग लगेच पुढचा प्रश्न येणार, की शोल्डर, म्हणजे खांद्याचा तुकडा, पण तेवढाच तापतो, तो का नाही कोरडा लागत? तोही पिळला जातोच की! पण खांदा, मान, पाय हे सगळे जनावराचे राबणारे भाग, दिवसभर वजन उचलणारे. त्यामुळे त्यांच्यात तंतूंच्या मधेमधे पांढरे चिवट पडदे असतात, ते कोलाजेनचे. कच्चं असताना, आणि तासाभरात घाईने शिजवलं तरीही, हेच पडदे मांस वातड करतात. पण 70 डिग्रीच्या पुढे ते हळूहळू विरघळायला लागतात, तापमान आणखी चढलं की जरा वेग घेतात, आणि त्यांचं जिलेटिन होतं. रस्सा गार झाल्यावर थुलथुलीत जेलीसारखा होतो ना, खाताना ओठ एकमेकांना किंचित चिकटतात ना, ते हे जिलेटिन. ते आणि वितळलेली चरबी मिळून त्या पिळलेल्या तंतूंना वंगण घालतात आणि जिभेला वाटतं काय लुसलुशीत झालंय! लॉइन बिचारा पाठीवर आरामात पडून असलेला भाग, त्यात ना पडदे ना चरबी. त्याला आठ तास देऊन बदल्यात मिळणार काय?

म्हणजे वेळ हा मसाला नाहीये, की जास्त घातला की जास्त चव. वेळ लागतो तो फक्त कोलाजेनसाठी. ज्या तुकड्यात कोलाजेन नाही त्याला वेळ दिला तर नुसतं नुकसान.

तेव्हा दुकानात खांद्याचा किंवा मानेचा तुकडा मागा, हाडासकट मिळाला तर फारच छान, आणि चरबीच्या पांढऱ्या रेषा दिसत असतील तर नाक मुरडू नका. पायाचा खालचा भाग, जो बाकी कशात लवकर शिजत नाही म्हणून कोणी घेत नाही, तो स्लो कुकरमध्ये सोनं होतो. बरगड्याही चालतात. पोटाचा चरबीवाला भाग चालतो पण तेल फार सुटतं, एकट्याने घालू नका. आणि लॉइनच घरात पडला असेल तर त्याला स्लो कुकर दाखवूच नका, सरळ पॅनमध्ये किंवा ओव्हनमध्ये करा आणि आतलं तापमान 63 झालं की उतरवा. कुकरमध्येच करायचा हट्ट असेल तर दीड-दोन तासांपासूनच थर्मामीटर टोचून बघत बसावं लागेल, मग कसलं आलंय आयतं जेवण.

प्रश्न : मला थिअरी नको, एकदा नीट सांगा करायचं कसं. चार जणांसाठी, आणि दुसऱ्या दिवशी डब्याला उरलं तर उत्तम.

उत्तर : बरं बाबा. दीड किलो शोल्डर घ्या. अख्खा किंवा फार तर तीन मोठे तुकडे, बारीक तुकडे करू नका, ते कडेने लवकर शिजून भुगा होतात. आदल्या रात्री त्याला तीन सपाट छोटे चमचे मीठ आणि भरपूर जाडसर कुटलेली मिरी सगळीकडून चोळा आणि झाकून फ्रीजमध्ये मुरत ठेवा. ही एक गोष्ट चुकवू नका, कारण मीठ रात्रभरात आत जातं, सकाळी वरून भुरभुरलेलं मीठ बरंचसं रश्श्यातच राहतं.

सकाळी पॅन कडक तापवा, थोडं तेल, आणि मांस टिपून कोरडं करून प्रत्येक बाजू तीन-चार मिनिटं न हलवता भाजा. कुकरच्या तळाशी दोन कांदे जाड चिरून पसरा, आठ-दहा लसणाच्या पाकळ्या, दोन तमालपत्रं. त्यावर मांस, चरबीची बाजू वर, म्हणजे ती वितळून खाली झिरपत राहते. त्याच गरम पॅनमध्ये अर्धा कप पाणी आणि दोन मोठे चमचे व्हिनेगर ओतून तळाला चिकटलेलं सगळं खरवडा आणि ते पाणी कुकरमध्ये. बस. झाकण. लो वर आठ ते नऊ तास, हाय वर पाच ते सहा. भांडं निम्म्यापेक्षा रिकामं नको आणि दोन तृतीयांशाच्या फार वरही भरायला नको, दोन्हीकडे वेळेचं गणित चुकतं.

झालं की नाही ते घड्याळाला विचारू नका, काट्याला विचारा. मी काय करते, काटा मधोमध खुपसते आणि मनगट किल्ली फिरवल्यासारखं फिरवते. मांस आपसूक उलगडलं तर झालं. काट्याबरोबर अख्खा तुकडाच गोल फिरला तर अजून नाही, तासभर आणखी. इथे गंमत अशी की वातड लागलं की लोकांना वाटतं जास्त शिजलं, आणि शोल्डरच्या बाबतीत ते नेमकं उलटं असतं, कमी शिजलेलं असतं! हाडवाला तुकडा असेल तर आणखी सोपं, चिमट्याने हाड धरून ओढा, ते पांढरंशुभ्र होऊन नुसतं हातात आलं पाहिजे, मांसाचा एक धागाही न घेता. दर वेळी तेवढ्यासाठी घरातलं कोणीतरी ओट्याशी येऊन उभं राहतंच.

मग मांस ताटात काढून पंधरा-वीस मिनिटं झाकून ठेवा, तेवढ्यात रस्सा आटवा (त्याबद्दल पुढे), दोन काट्यांनी मांस सोडवा आणि थोडा रस त्यात परत मिसळा. हे परत मिसळणं विसरू नका, सगळी मजा त्यात आहे. आंबट कमी वाटलं तर व्हिनेगरचे दोन-चार थेंब आत्ता, कारण आठ तासांत आधीच्या आंबटाची धार गेलेली असते.

प्रश्न : चव चांगली येते पण रस्सा अगदी पाणचट. मी तर फक्त दोन कप पाणी घालते.

उत्तर : दोन कप म्हणजे "फक्त" नाही हो! गॅसवरच्या पातेल्यातून सतत वाफ निघून जाते म्हणून तिथे पाणी लागतं. स्लो कुकरमध्ये वाफ झाकणाला लागते, थेंब होऊन परत खाली पडते, जवळपास काहीच बाहेर जात नाही. त्यात मांस स्वतः पाणी सोडणार, कांदा सोडणार, दीड किलोला दोन कप सहज सुटतं. म्हणून अर्धा कप पुरे, आणि सुरुवातीला मांस अर्धं उघडं दिसलं तरी घाबरू नका.

आता झालाच असेल पातळ, तर मांस बाहेर काढा, रस गाळून पसरट पॅनमध्ये मोठ्या आचेवर निम्मा होईपर्यंत आटवा, दहा-बारा मिनिटांचं काम. आधी मोठे बुडबुडे येतात, मग ते लहान आणि संथ होत जातात, चमचा फिरवला की मागे क्षणभर वाट राहते, तिथे थांबा. मीठ मात्र आटवून झाल्यावरच बघा, आधी बघून घातलंत तर खारट झालंच म्हणून समजा. घाई असेल तर चमचाभर कॉर्नफ्लोअर गार पाण्यात कालवून लावा, चालतं, पण चव काही घट्ट होत नाही त्याने, नुसता रस्सा घट्ट होतो.

प्रश्न : आधी भाजून घेणं खरंच गरजेचं आहे का? आमच्याकडे म्हणतात की त्याने रस आत कोंडला जातो. सकाळी वेळ नसतो.

उत्तर : रस कोंडला-बिंडला काही जात नाही. भाजलेल्या मांसातूनही तेवढाच रस जातो, पॅनमध्ये चर्र आवाज येतो तो रस बाहेर पडल्याचाच तर येतो. भाजायचं ते चवीसाठी. तो तपकिरी खरपूस थर यायला वरचा भाग साधारण 140 डिग्रीच्या आसपास जावा लागतो आणि स्लो कुकरमध्ये सगळं ओलं असल्यामुळे तिथलं तापमान 100 च्या वर जातच नाही, म्हणजे बारा तास ठेवलं तरी तो स्वाद तिथे तयार होणार नाही.

वेळ नसेल तर सोडून द्या, जेवण वाईट होणार नाही. आळशी माणसाचा उपाय सांगू का, मी स्वतः बऱ्याचदा हेच करते : भाजणं सकाळी न करता शेवटी. सोडवलेलं मांस ट्रेवर पसरा, वरून चार चमचे रस शिंपडा, आणि ओव्हनच्या ग्रिलखाली पाच-सात मिनिटं, किंवा मग कडक पॅनमध्ये. कडा कुरकुरीत होतात, आतून मऊ राहतं. मला तर हेच जास्त आवडतं. फक्त समोर उभे राहा, जळायला वेळ लागत नाही.

प्रश्न : लो आणि हाय मध्ये नेमका फरक काय? लो वर कमी तापमानात शिजतं ना?

उत्तर : सगळ्यांना असंच वाटतं. पण बहुतेक कुकरमध्ये दोन्हीकडे शेवटी तापमान जवळपास सारखंच होतं, उकळीच्या जरा खाली. फरक एवढाच की हाय वर तिथे लवकर पोचतं आणि लो वर रमतगमत. म्हणून ढोबळ हिशेब, हाय चा एक तास म्हणजे लो चे दीड ते दोन. शोल्डरला लो बरं, कारण कोलाजेनला तेवढा निवांत वेळ मिळतो. कुकर जुना किंवा वेगळा असेल तर वेळ मागेपुढे होणार, पहिल्यांदा सुट्टीच्या दिवशी करून बघा म्हणजे तुमच्या कुकरचा स्वभाव कळेल.

आणि झाकण उघडून बघू नका!! दर वेळी साठलेली वाफ जाते आणि ते भरून यायला पंधरा-वीस मिनिटं लागतात. घरात दिवसभर वास दरवळत असतो, येता-जाता झाकण उचलणारे हात असतात, माझ्याकडे एक जोडी आहेच, त्यांना काचेतून बघायला शिकवा.

प्रश्न : फ्रीझरमधून काढून तसंच गोठलेलं पोर्क टाकलं तर चालेल का?

उत्तर : नाही. कुकर आधीच हळू तापतो, त्यात मधोमध बर्फ असेल तर ते मांस 5 ते 60 डिग्रीच्या पट्ट्यात कित्येक तास रेंगाळतं आणि जंतू वाढायला तोच पट्टा आवडतो. आदल्या दिवशी फ्रीजच्या खालच्या कप्प्यात, खाली ताट ठेवून, वितळू द्या. दीड किलोला चोवीस तास धरा, मोठा तुकडा असेल तर जास्त.

प्रश्न : पोर्क म्हटलं की घरातले मोठे जंतांची भीती घालतात. स्लो कुकरमध्ये एवढ्या मंद आचेवर ते मरतात का? आणि मधे गुलाबी दिसलं तर?

उत्तर : भीती उगाच नाहीये, ती जुनी आहे आणि तिला कारण होतं. ट्रायकिनेला नावाचा कृमी आणि डुकरातला पट्टकृमी, दोन्ही अर्धंकच्चं मांस खाल्ल्याने माणसात येऊ शकतात. पण नीट शिजवलं की दोन्ही मरतात आणि "नीट" म्हणजे किती हेही ठरलेलं आहे. अमेरिकेच्या कृषी खात्याने 2011 मध्ये पोर्कच्या अख्ख्या तुकड्यांसाठीची मर्यादा 71 वरून 63 डिग्रीवर आणली, वर तीन मिनिटं तसंच ठेवायचं. खिम्याला मात्र 71 च, कारण दळताना बाहेरचे जंतू आतपर्यंत मिसळतात.

आता आपला शोल्डर सुटायला आला म्हणजे तो 90 ते 95 ला पोचलेला असतो, म्हणजे या मर्यादेच्या कितीतरी पुढे. मंद आच म्हणजे कमी शिजणं नव्हे. रंगावर विश्वास ठेवू नका, पूर्ण शिजलेलं पोर्क कधीकधी गुलाबी राहतं आणि न शिजलेलं कधीकधी पांढरं दिसतं. टोचायचा थर्मामीटर घ्या, हाडाला न टेकवता सगळ्यात जाड भागात टोचा. स्वयंपाकघरातल्या दहा निरुपयोगी वस्तूंच्या ऐवजी ही एक वस्तू घ्यावी असं माझं प्रामाणिक मत आहे. आणि एक, शिजवायच्या आधी मांस नळाखाली धुऊ नका, त्याने जंतू जात नाहीत, शिंतोड्यांबरोबर सिंकभर आणि शेजारच्या भांड्यांवर पसरतात. कागदाने टिपा.

प्रश्न : ऑफिसमधून आलो तर कुकरवरचं घड्याळ लुकलुकत होतं, म्हणजे मधे कधीतरी वीज गेली होती. मांस कोमट होतं, वास चांगला होता. खाल्लं. काही झालं नाही. बरोबर केलं का?

उत्तर : नशीब चांगलं होतं, एवढंच म्हणेन. वीज किती वेळ गेली हे माहीत नसेल तर फेकायचं, जीव तुटला तरी फेकायचं. वास आणि चव यावरून काही कळत नाही. पुन्हा उकळून घेऊ म्हणाल, तर काही जंतूंनी सोडलेलं विष उकळूनही जात नाही. तुम्ही घरात असताना वीज गेली तर गोष्ट वेगळी, लगेच गॅसवर पातेल्यात काढून शिजवणं पूर्ण करा. आणि पूर्ण शिजून झाल्यावर गेली असेल तर झाकण न उघडता दोन तासांपर्यंत ठीक.

मी तर याहून भारी प्रताप केलाय. सगळं भरून, झाकण लावून, कुकरवरचं बटण फिरवून, समाधानाने बाहेर पडले आणि भिंतीवरचा स्विच बंदच. नऊ तासांनी झाकण उचललं तर सकाळचा कांदा सकाळसारखाच टवटवीत! दीड किलो मांस कचऱ्यात गेलं आणि त्या रात्री आम्ही ब्रेड-अंडी खाल्ली. तेव्हापासून निघायच्या आधी कुकरच्या बाहेरच्या पत्र्याला हात लावून बघते, किंचित गरम लागला की मगच चपला घालते.

प्रश्न : रात्रीच सगळं भांड्यात भरून फ्रीजमध्ये ठेवलं आणि सकाळी तेच भांडं कुकरमध्ये बसवलं तर वेळ वाचेल ना?

उत्तर : वेळ वाचेल, भांडं वाचेलच असं नाही. आतलं भांडं बहुतेक वेळा चिनी मातीचं असतं आणि गारेगार भांड्याला खालून एकदम आच लागली की ते तडकू शकतं. माझं एक तसंच गेलं. फार मोठा आवाज नाही, नुसता "टक" असा, मला वाटलं झाकण नीट बसलं, आणि संध्याकाळी बघते तर केसाएवढी रेघ आणि तिच्यातून रस्सा झिरपून खालच्या तारांपर्यंत गेलेला. शिवाय गार भांडं तापायलाच फार वेळ लागतो, ते त्या मघाच्या जंतूंच्या पट्ट्यात रेंगाळणं आलंच. म्हणून चिरलेला कांदा-लसूण एका डब्यात, मीठ लावलेलं मांस दुसऱ्यात, भांडं बाहेर. सकाळी पाच मिनिटांत भरून होतं. गॅसवर तर हे भांडं कधीच ठेवू नका.

प्रश्न : पोर्कबरोबर राजमा घालून एकाच भांड्यात जेवण करायचंय. कच्चा राजमा भिजवून थेट घालू?

उत्तर : थेट अजिबात नको, आणि हे मी जरा दरडावून सांगतेय. कच्च्या राजम्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं विषारी द्रव्य असतं, ते जायला खळाखळा उकळी लागते. स्लो कुकर नीट उकळी देईलच असं नाही, आणि अर्धवट तापलेला राजमा पोटाला कच्च्यापेक्षाही वाईट ठरू शकतो, ओकाऱ्या-जुलाबांनी आडवं करतो. तर किमान पाच तास भिजवा, ते पाणी फेका, नव्या पाण्यात किमान 10 मिनिटं चांगला खळखळून उकळा, मी तर अर्धा तास उकळते, आणि मग कुकरमध्ये. व्हिनेगर किंवा टोमॅटो घालणार असाल तर राजमा आधीच मऊ शिजवून घ्या, आंबटात तो दगडासारखा राहतो. डब्यातला शिजवलेला राजमा असेल तर हे काहीच नको, शेवटच्या तासात घाला.

प्रश्न : प्रेशर कुकरमध्ये हेच तासाभरात होतं. मग आठ तासांचं हे लाड कशाला?

उत्तर : होतं की, कोण नाही म्हणतंय. प्रेशर कुकरमध्ये तापमान 120 च्या आसपास जातं म्हणून कोलाजेन झटपट विरघळतं. पण ती घाई त्या तासाला तुम्हाला ओट्याशी अडकवते आणि तो तास नेमका संध्याकाळी, सगळे भुकेले असताना. स्लो कुकर तुमच्या गैरहजेरीत काम करतो, त्याचा सगळा फायदा एवढाच आहे. तुम्ही दिवसभर घरात असाल तर खरंच प्रेशर कुकर वापरा, मला राग नाही.

मुळात हे यंत्र निघालं तेच गैरहजेरीच्या कल्पनेतून. अमेरिकेत अर्व्हिंग नॅक्सन नावाचे एक संशोधक होते, त्यांना याचं पेटंट 1940 मध्ये मिळालं. त्यांच्या आईने त्यांना लिथुआनियातल्या आपल्या गावची गोष्ट सांगितली होती, की ज्यू लोकांत शनिवारी, म्हणजे सब्बाथला, चूल पेटवायची नाही, म्हणून शुक्रवारी संध्याकाळी चोलंट नावाच्या रश्श्याचं भांडं बेकरीच्या भट्टीत ठेवून यायचं आणि विझत जाणाऱ्या उबेवर ते रात्रभर शिजायचं. पुढे 1970 मध्ये रायव्हल कंपनीने नॅक्सन यांचा धंदा घेतला आणि 1971 मध्ये तेच यंत्र क्रॉक-पॉट नावाने बाजारात आणलं. आता ज्यू धर्मात पोर्क वर्ज्य, तेव्हा आपण त्यात सर्रास काय शिजवतोय हे बघून त्या माऊलीला काय वाटलं असतं देव जाणे.

प्रश्न : उरलेलं कसं ठेवायचं? आणि वर जमलेल्या चरबीचं काय करू, फेकू?

उत्तर : भांड्यातच ठेवून भांडं फ्रीजमध्ये ढकलू नका, ते जाड भांडं तासन्‌तास गरम राहतं. उथळ डब्यांत काढा, थोडा रस वरून घाला आणि दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये. तीन-चार दिवस टिकतं, फ्रीझरमध्ये दोन-तीन महिने. परत गरम करायचं ते गॅसवर किंवा मायक्रोवेव्हमध्ये, आतून 74 डिग्री, म्हणजे हात लावता येणार नाही असं कढत. स्लो कुकरमध्ये परत गरम करू नका, तो तापायलाच इतका वेळ घेतो. जेवायला कोणी उशिरा येणार असेल तर गरम मांस "वॉर्म" वर दोन-तीन तास राहील, पण 60 च्या वर राहतंय ना ते एकदा थर्मामीटरने बघा, सगळ्या कुकरचं वॉर्म सारखं नसतं.

चरबी फेकू नका हो. रस वेगळ्या बरणीत ओतून रात्रभर फ्रीजमध्ये ठेवा, सकाळी वर पांढरी घट्ट चकती झालेली असते, सुरीने कडेने सोडवली की अख्खी निघते आणि खाली थरथरणारा तपकिरी रस राहतो. तो रस डब्यातल्या मांसात. चकती टिपून कोरडी करून छोट्या बरणीत भरा, फ्रीजमध्ये ठेवा, आठवड्याभरात संपवा. पुढच्या वेळी बटाटे परतताना तेलाऐवजी चमचाभर घाला, आणि बटाटे नेहमीपेक्षा जास्त चिरा, कारण पॅनमधूनच उचलून खाल्ले जातात, ताटापर्यंत निम्मेच पोचतात.